पडद्यामागून वाचलेली भुतं

"हिला पडद्यामागं बसवा," तंबूच्या दारावरचा माणूस म्हणाला. गुरुजी माझ्याकडं न बघता पुढं गेले.

मी बारा वर्षांची. भोंगवलीच्या शाळेत महारवाड्यातली मी एकटीच पोर. भोरला मुका सिनेमा आला होता. त्यात माणसं नव्हती, चितारलेली भुतं चालायची. मध्येमध्ये पडद्यावर मजकूर यायचा. तंबूतल्या बहुतेकांना वाचता येत नव्हतं आणि गुरुजींना आपली हुशार पोर मिरवायची होती. "तू मोठ्यानं वाचायचंस. पहिल्या ओळीत, माझ्या शेजारी." त्या शब्दावर मी आठवडाभर हवेत होते. आईनं डोक्याला इतकं तेल थापलं, की मी भुतं बघायला निघालेय की तळायला, कळेना.

आमच्या लोकांची जागा पडद्यामागं. तिथनं चित्र उलटं दिसायचं. अक्षरंही उलटी.

पुढून गुरुजींचा आवाज आला, "वाच गं."

आणि मी वाचलं. उलटंही वाचता येतं, हे दाखवायची हौस. मूर्ख ती मूर्खच.

गावाबाहेर भुतांचं एक कुटुंब राहायला येतं. गाव घाबरतं, दगड मारतं. भुताची आई पोराला पोटाशी धरते. पडद्यापलीकडं बायका मुसमुसत होत्या. गुरुजींनी नाक शिंकरलेलंही मी ओळखलं.

मग मजकूर आला: भिऊ नका. यांना गावात घ्या.

मी तोंड उघडलं. मिटलं.

"काय लिवलंय? वाच की गं," पलीकडून कुणीतरी म्हणालं.

माझ्या शेजारी बसलेले आमच्या वाड्यातले आबा कुजबुजले, "वाच बाय. उगा तमाशा नगं."

"पुढं बसवा, मग वाचते," मी म्हणाले.

मग गुरुजी समजुतीच्या सुरात म्हणाले, "हट्ट करू नकोस. तिथूनच वाच."

रागावले असते, तर एवढं लागलं नसतं.

मी उठून बाहेर आले. भुतांचं पुढं काय झालं, मला अजून माहीत नाही. माझी पोरं विचारतात, तेव्हा दर वेळी नवा शेवट ठोकून देते.

दुसऱ्या दिवशी गुरुजी वर्गात म्हणाले, "शाळेची लाज घालवलीस."

"गुरुजी, त्ये तुमाला सोताला वाचता येत हुतं," मी म्हणाले.

त्यांनी फळ्याकडं तोंड फिरवलं.

आता चार माणसांत कुणी कागद पुढं करतं, वाचून दाखवा म्हणतं. मी आधी सगळ्यांसमोर सतरंजीवर जाऊन बसते. कुणाच्या कपाळाला आठी पडली, की कागद परत देते. माझा आवाज हवा असेल, तर माझं तोंडही बघावं लागेल.