अण्णासो मगदुमांची सुटका

गडहिंग्लजच्या पेठेत तीस वर्षं चाललेलं अण्णासो मगदुमांचं खताचं दुकान एका सकाळी सील झालं. शेतकऱ्यांसाठीचा अनुदानाचा युरिया एका प्लायवूडच्या कारखान्यात, गोंद करायला नेलेला, सापडला होता आणि पोत्यांवरचा नंबर अण्णासोंच्या दुकानात आलेल्या मालाचा निघाला. काळ्या बाजाराचा गुन्हा दाखल झाला. आरोपी एकच, अण्णासो.

त्या मालातली पोती पुष्कळांनी नेली होती, पण कारखान्यात गेलेली कुणाची असणार, हे त्यांना त्याच दिवशी उमगलं. हंबीररावांच्या घरातल्या पाच जणांनी दुकानातल्या आधारच्या मशीनवर अंगठे लावून चाळीस पोती उचलली होती. ऊस अवघा चार एकर. एवढ्या खताचं करतोस काय, असं अण्णासोंनी तेव्हा विचारलं नव्हतं. लहानपणापासूनच्या दोस्ताला काय विचारायचं?

बायको सीताबाई जाऊन सहा वर्षं झाली होती. मुलगा जिनेश पुण्यात. त्याचा फोन आला. "पप्पा, तुम्ही खरंच विकलं नाही ना?"

"न्हाय की रे."

पोटच्या पोरालाही हे विचारावंसं वाटलं, ते त्यांना दुकानाच्या सीलपेक्षा जास्त लागलं. मंदिरात पूजेला उभे राहिले, की शेजारचा माणूस जरा सरकून उभा राही. रोज सकाळी चहाला येणारे हंबीरराव तर आता त्या गल्लीनंही जात नव्हते.

कोल्हापुरात शाहूपुरीतल्या वकील आदिती उपाध्ये यांनी गुन्हा रद्द करण्यासाठी हायकोर्टात याचिका घातली. ती याचिका आधी मुंबईला होती. कोल्हापुरात हायकोर्टाचं बेंच सुरू झालं, तशी इकडं आली.

"काका, पोती कुणी नेली ते तुम्हाला माहीत आहे," एकदा त्या म्हणाल्या. "नाव सांगा."

"त्याच्या घरात लग्नाच्या दोन पोरी हायत."

"मग आपल्याकडं एकच मुद्दा उरतो. झडती घेणाऱ्या अधिकाऱ्याला कायद्यानं तो अधिकारच नव्हता. त्यावर गुन्हा रद्द होईल, पण तुम्ही निर्दोष आहात असं कोर्ट म्हणणार नाही. ते हवं असेल तर खटला चालवावा लागेल. दहा वर्षंही जातील."

अण्णासोंना अडुसष्टावं चालू होतं. "रद्दच करा," ते म्हणाले.

सुनावणी जेमतेम पंधरा मिनिटं चालली. मागच्या बाकावरून त्यांना निम्मं कळलं नाही. गुन्हा रद्द झाला. निकालाची प्रत हाती आली, त्या दिवशी त्यांनी ती वकीलबाईंकडून मराठीत समजून घेतली.

"म्यां केलं न्हाय, असं कुठं लिहिलंय?"

"तसं नाही लिहिलेलं, काका. मी सांगितलं होतं."

"व्हय. सांगितलं होतंसा."

परतीच्या एसटीत कागलला हंबीरराव चढले. जागा अण्णासोंच्या शेजारीच तेवढी मोकळी होती.

"सुटलास म्हणं," बसता बसता ते म्हणाले.

"व्हय."

"माजं नाव..."

"घेतलं न्हाय."

हंबीररावांनी टोपी काढून मांडीवर ठेवली. आता काहीतरी बोलेल, म्हणून अण्णासो वाट बघत राहिले. निपाणी गेली, संकेश्वर गेलं. गडहिंग्लजला उठताना हंबीरराव म्हणाले, "थोरलीचं जमलंय. पत्रिका देतो."

लग्न झालं. पत्रिका आली नाही.

दुकानाचं सील निघालं, खतविक्रीचा परवाना परत मिळाला आणि अण्णासोंनी दुकान उघडलं. आता ते प्रत्येकाला विचारू लागले, "किती एकर? पीक कंचं?" एक-दोघांनी उत्तर दिलं. तिसरा पायरीवरूनच भडकला.

"कोर्टातनं सुटून आलाय, आनि आमास्नी इचारतोय!"

तो समोरच्या दुकानात गेला. त्याच्या मागं आलेले दोघंही तिकडंच वळले. अण्णासो मात्र येईल त्याला विचारत राहिले. हळूहळू असे दिवस येऊ लागले, की दुपारपर्यंत विचारायला कुणीच नसे.