साडेपंधराची कॉलर

"कागद कापलात ते कापलात, वर त्याची कॉलर केलीत?"

"अर्धी कॉलर. कापड घडीवर ठेवून कापायचं असतं."

"बाबा, मी शिवणकाम विचारत नाहीये. कोर्टातून माझ्या नावाने आलेलं पत्र होतं ते."

"जाड होतं," मास्तर म्हणाले. "हल्ली असा कागद येत नाही."

कोपऱ्यात काजं करत बसलेल्या आईने दाताने दोरा तोडला. "पोरीचं नशीब कापलं, पण कागद काय सुरेख होता."

मास्तरांचं दुकान म्हणजे बारा फुटांची खोली. दोन मशीनं, कापायचं टेबल आणि भिंतीवर खिळ्यांची रांग. खिळ्यांना बाह्या, खिसे, कॉलरी यांचे कागदी साचे. चौकीतल्या निम्म्या वर्द्या इथेच शिवल्या जातात. मास्तर माणूस चेहऱ्यावरून नाही, मानेवरून ओळखतात: फौजदार सतरा, नवा शिपाई साडेचौदा. तीस वर्षांत एकही शर्ट परत आला नाही, आणि हे ते दिवसातून एकदा तरी ऐकवतात. साच्यांना मात्र कुणी बोट लावायचं नाही. आई झाडूसुद्धा त्या भिंतीपासून हातभर लांबून मारते.

मुलगी याच वर्द्यांना बटणं लावत मोठी झाली आणि एक दिवस म्हणाली, आता शिवायची नाही, घालायची. पोलीस भरतीत धावण्यात पहिली आली, लेखी परीक्षेत पास झाली, निवड यादीत नाव लागलं. मग घरी पत्र आलं: पूर्वीचा गुन्हा लपवला, सबब अर्ज फेटाळला.

गुन्हा कसला, तर सहा वर्षांपूर्वी नळाला पाणी नाही म्हणून गल्लीतल्या बायकांनी रस्ता अडवला होता. उन्हात बसल्यात बिचाऱ्या, म्हणून मास्तरांनीच लेकीच्या हाती दुकानातला माठ पाठवला. पोलीस येईपर्यंत ती रिकामा माठ घेऊन परतलीही होती, पण आरोपींच्या यादीत तिच्या नकळत तिचंही नाव चढलं. वर्षभराने खटला मागे घेतल्याचं पत्र दुकानाच्या पत्त्यावर आलं. मास्तरांनी सही करून ते घेतलं, वाचलं, मिटलं एकदाचं म्हणाले आणि कात्री चालवली. पोरीच्या डोक्याला ताप नको, म्हणून घरात अवाक्षर काढलं नाही. भरतीच्या अर्जात 'गुन्हा दाखल आहे किंवा होता का' या रकान्यात तिने बिनधास्त 'नाही' लिहिलं.

तिने कोर्टात दाद मागितली. वकीलबाई म्हणाल्या, मिटलेल्या खटल्याचं मी बघून घेईन. तू जाणूनबुजून खोटं लिहिलंस का, एवढ्यावरच सगळं अडलंय. पत्र ज्याने दाबलं त्यानेच शपथेवर सांगायला हवं. सुनावणी आज अकराला. आता दहा वाजत आले होते.

"आणि मी काय सांगू? साहेब, मी तुमचा कागद कापला?"

"हो."

"सगळी चौकी हसेल."

"हसू दे. मान मागे टाकून हसले तरी कॉलर टोचणार नाही, इतकी छान शिवलीय तुम्ही."

"चावटपणा पुरे. रोज डोळ्यांसमोर टांगलेलं पत्र तुला दिसलं नाही, यावर कोण विश्वास ठेवेल?"

"छापील बाजू भिंतीकडे होती. आणि साच्याला हात लावला की तुम्ही काय करता, तेही सांगेन. लहानपणी एकदा लावला होता, दोन दिवस ऐकून घेतलं."

"तीन," आई म्हणाली.

"तीस वर्षांत माझी कात्री…"

"चुकली नाही. पाठ आहे मला. एकदा चुकली, बाबा. मी रागावले नाहीये. पण तुकडी पंधरा दिवसांत प्रशिक्षणाला निघतेय आणि त्या तुकडीत मी असणार. चुकीचं शिवलं तर उसवायचं, लाजायचं नाही, हे मला कुणी शिकवलं?"

मास्तर उठून भिंतीपाशी गेले. त्यांनी तिसऱ्या खिळ्यावरचा साचा काढून उलटा केला. कोर्टाचा गोल शिक्का, तारीख, आणि लेकीच्या नावावरून त्यांच्याच हातचं पेन्सिलीने लिहिलेलं 'साडेपंधरा'. ते अंगठ्याने पुसायला गेले, मग थांबले.

तेवढ्यात दारात हवालदार उभे राहिले, काखेत खाकी कापड. "मास्तर, शर्ट टाकायचाय. माप तेच, साडेपंधरा."

मास्तरांनी नव्या शर्टाच्या खोक्यात साचा सपाट ठेवला, झाकण लावलं, चपला घातल्या. मापाची टेप गळ्यात तशीच.

"अहो, टेप," आई म्हणाली.

"मास्तर," हवालदार बाजूला सरकत म्हणाले, "माझी कॉलर घेऊन कुठे निघालात?"

मास्तर खोकं सांभाळत पायऱ्या उतरले आणि कोर्टाच्या रस्त्याला लागले.