रिकामं भांडं पाठवायचं नाही

आमच्या पॅकिंगच्या खोलीत चहा आला की कुणीतरी एक किस्सा काढतं, आणि तो संपायच्या आत दुसऱ्याला तिसरा आठवतो. धंदा वाढला तसे किस्सेही वाढले. आता खोके ठेवायला जागा पुरत नाही आणि हे सांगायला वेळ!

मुरुम गावच्या बाजारात माझ्या सासऱ्यांचं, अप्पांचं, भांड्यांचं दुकान. गिऱ्हाईक आटलं तेव्हा अप्पांनी दारावर 'गाळा भाड्याने देणे आहे' अशी पाटी टांगली. मी हट्टाला पेटले. म्हटलं, एवढी लग्नसराई मला द्या, भांडी ऑनलाइन विकून बघते.

"भांडं वाजवून बघितल्याबिगर कोण घेतंय, पोरी?" अप्पा म्हणाले. सराई दिली, पण पाटी काढली नाही. रोज दुकान उघडताना आधी तीच दिसायची.

*

पहिले फोटो माझ्या नवऱ्यानं, महेशनं काढले. स्टीलची कढई त्यानं अशी चकचकीत पुसली की तिच्यात बघून भांग पाडावा. फोटो साइटवर चढवला आणि थोड्याच वेळात नणंदेचा फोन आला. तिला हसू आवरेना. कढईत बनियनवर उभा असलेला महेश स्वच्छ दिसत होता!

आम्ही धावत जाऊन फोटो काढून टाकला. पण तेवढ्यात आमची पहिलीवहिली ऑर्डर येऊन पडली होती. खाली सूचना होती, 'फक्त कढई पाठवा.'

*

अप्पांचं ते वाजवून बघणं माझ्या डोक्यात बसलं होतं. मग शेजारच्या रेहानाभाभींनी मोबाइल धरला आणि अप्पांना म्हटलं, वाजवा. अप्पा अंगठीनं एकेक पातेलं वाजवून, कान देऊन बाजूला ठेवत गेले. मधेच कॅमेऱ्याकडं बघून म्हणाले, "हे नगं घेऊ. बद्द वाजतंय."

ते वाक्य कापायचं राहून गेलं आणि नेमका तोच व्हिडिओ तुफान चालला! सास्तूरहून एक गृहस्थ मोटरसायकलवर आले. व्हिडिओत वाजवलेलंच पातेलं पाहिजे म्हणाले. काढून दिलं, तर हातात घेऊन आधी वाजवून बघितलं.

*

पार्सल बांधायचं काम रेहानाभाभींनी अंगावर घेतलं. त्यांनी बांधलेले खोके अप्पा गुपचूप उघडतात, हे आम्हाला पुण्याच्या एका बाईंच्या तक्रारीवरून कळलं. 'वापरलेली कढई पाठवली आहे, आत तुरीची डाळ निघाली.' एकच स्टार!

मी तणतणत अप्पांपुढं जाऊन उभी राहिले. तिकडं पाटी टांगलेली आणि इकडं हे! अप्पांचा आवाजसुद्धा चढला नाही.

"रिकामं भांडं कुणाच्या घरात द्यायचं न्हाय. तुझं इंटरनेट असंल, नायतर आनखी काय."

मी बाईंना खरं काय ते लिहिलं. त्यांचं उत्तर आलं, की माझी आत्याही असंच करायची, मी विसरूनच गेले होते. स्टार पाच झाले. रेहानाभाभींनी डाळीसाठी चिंध्यांच्या इवल्या पुरचुंड्या शिवायला घेतल्या.

*

मग चाळणीची ऑर्डर आली. चाळणीत डाळ ठेवायची की नाही, यावर घरात बैठक बसली. चाळणी काही भरायचं भांडं नव्हे, म्हणून तशीच पाठवावी, असा निकाल अप्पांनी दिला.

चार दिवसांनी तक्रार आली. 'चाळणी छान आहे, पण डाळ आली नाही.'

*

बघता बघता ऑर्डरी गुजरातेतून यायला लागल्या, बंगळुरातून यायला लागल्या. कुरिअरची गाडी आधी आठवड्यातून कधीतरी वळायची, ती रोज संध्याकाळी दारात येऊन थांबायला लागली. गाडीवाला चहा प्यायचा, माल भरायचा आणि जाता जाता पाटी वाचून विचारायचा, गाळा अजून गेला नाही का? माझा जळफळाट व्हायचा. सराई संपत आली होती आणि अप्पा पाटीबद्दल चकार शब्द काढत नव्हते.

अशात चिपळूणच्या एका बाईंकडून एक पातेलं परत आलं. चूक आमचीच होती, मोठ्याऐवजी लहान गेलं होतं. परत आलेला माल म्हटला की अप्पांचा पारा चढतो. खोका त्यांनी स्वतःच फोडला. मी मान खाली घालून उभी होते.

पातेल्यात आमसुलं होती. आमच्याच पुरचुंडीत बांधलेली.

अप्पांनी पुरचुंडी नाकाशी धरली. मग बाहेर गेले, दारावरची पाटी उतरवली, धोतराच्या सोग्यानं पुसली आणि उलटी करून माझ्यासमोर ठेवली.

"मागली बाजू कोरी हाय," म्हणाले. "तुझ्या दुकानाचं नाव लिव्ह. आन् त्या बाईला मोठं पातेलं आजच धाड. डाळ दोन मुठी."