तोल गेला की

आमच्या कामात किस्से कोणी जमवत नाही, ते आपोआप साठतात. जो पेशंट नीट चालायला लागतो तो घरी जातो, महिन्याभरात त्याचं नावही आठवत नाही. लक्षात राहतात ते बाकीचे. शीळफाट्याजवळच्या एका केअर सेंटरमध्ये मी सिस्टर आहे. चालताना ज्यांचा तोल जातो त्यांना उठवणं, चालवणं, बाथरूमला नेणं, हेच आमचं मुख्य काम. चहाला बसलो की यातलंच काहीतरी निघतं.

*

भोईरबाबा इथल्याच गावचे. आयुष्य भातशेतीत गेलं, मग शेतावर टॉवर उभे राहिले आणि पॅरालिसिसने बाबांची एक बाजू गेली. चालवताना आम्ही पेशंटच्या कमरेला रुंद पट्टा बांधतो, मागून धरायला. पहिल्या दिवशी बाबांनी तो फेकूनच दिला. "मी काय बैल हाय? कासरा बांधून नेतंस मना?"

मुलगा समजावून थकला. बाबा पलंगावरून उतरेनात. मग एका सकाळी स्वतःच हात वर करून बसले, मुकाट पट्टा बांधून घेतला.

"हाक आता," म्हणाले. "बैल तरी कामाचा व्हता."

*

वर्तकनगरच्या कुलकर्णीबाई शाळेत शिकवायच्या. पार्किन्सन्समुळे दारापाशी आल्या की त्यांचे पाय जमिनीला चिकटायचे. अशा वेळी ओढायचं नसतं. थांबायचं, ताल धरून "डावा, उजवा" म्हणायचं, की पाय सुटतो.

मुलगा रविवारी यायचा, कायम घाईत. "आई, पटकन चल ना," म्हणायचा आणि बाई आणखीनच थिजायच्या. एकदा मी त्याला बाजूला घेऊन समजवायला निघालेले, तर बाईंनी मला थांबवलं.

"राहू दे गं. 'पटकन' हा शब्द त्याला मीच शिकवलाय."

*

सावंतकाकांना कोणाला त्रास द्यायला आवडायचं नाही. बेल उशाशी असायची, पण वाजवतील तर शपथ. आमच्याकडे माणसं पडतात ती बहुतेक अशीच, बाथरूमच्या वाटेवर, कोणाला हाक न मारता.

एका दुपारी धप्पकन आवाज आला. धावत गेले तर काका दाराशी पडलेले, पाय वाकडा. खुब्याचं हाड मोडलेलं. बेल का नाही वाजवलीत, विचारलं, तर म्हणाले तुम्ही फोनवर मुलीशी बोलत होतात.

ॲम्ब्युलन्समध्ये चढवताना त्यांनी मला जवळ बोलावलं. मला वाटलं, घरच्यांना काही निरोप असेल.

"मुलीला पेपर कसा गेला?"

काका हॉस्पिटलातून परत आलेच नाहीत.

*

सुनंदामावशी आमच्याकडच्या सगळ्यात जुन्या आया. त्या एका वजनदार आजोबांना चालवत होत्या, आणि मध्येच आजोबांचे गुडघे वाकले. पडणाऱ्या माणसाला वर ओढायचं नसतं. आपल्या अंगावरून घसरू देत हळूच खाली बसवायचं, डोकं सांभाळायचं. मावशींनी तेच केलं. आजोबांना ओरखडा नाही, मावशींचं मनगट मोडलं.

आजोबांच्या सुनेने घरून सेंटरच्या कॅमेऱ्यात पाहिलं आणि सासऱ्यांना जमिनीवर पाडलं म्हणून तक्रार केली. मॅनेजरसमोर मावशी हाताला प्लास्टर घालून उभ्या राहिल्या. एवढंच बोलल्या, "पाडलं नाही. उतरवलं."

पुढच्या महिन्यात त्यांना कामावरून कमी केलं. का, तर एका हाताने पेशंट धरता येत नाही.

*

नलिनीआजींना काही आठवायचं नाही, त्यात पाय लटपटायचे. त्यांचे यजमान आप्पा डोंबिवलीहून रोज बसने यायचे. त्यांचाही तोल फारसा बरा नव्हता, पण काठी वॉचमनकडे ठेवून ताठ होऊन आत यायचे आणि आजींचा हात धरून त्यांना कॉरिडॉरमध्ये फिरवायचे. मागून आजींचा पट्टा धरलेली मी. आजी आप्पांना ओळखत नव्हत्या. कोण हे, म्हणून विचारायच्या, आप्पा आपलं नाव सांगायचे, आजी बरं म्हणायच्या.

एकदा वळताना आप्पांचाच पाय अडखळला. माझे दोन्ही हात पट्ट्यात. मी काही करायच्या आत आजींनी त्यांच्या काखेत हात घातला, एक पाय पुढे रोवला आणि त्यांना सावरलं. आम्ही आजींना रोज धरायचो, अगदी तसंच.

मग माझ्याकडे वळून जरा रागानेच म्हणाल्या, "यांना एकट्याला कसं सोडता तुम्ही? घरी कोणीतरी वाट बघत असेल यांची."

"नाही," आप्पा म्हणाले. "घरी कोणी नाही."

आजींनी त्यांचा हात सोडला नाही.

"मग जेवून जा," म्हणाल्या.