पाखराची राखण

ज्वारी हुरड्यात आली की माळ्यावर उभं राहून गोफणीनं पाखरं उठवण्यात आमच्या वहिनींचा हात धरणारं मुरुम गावच्या शिवारात कुणी नव्हतं. दगड पाखराला लागायचा नाही, पण असा कानाजवळून जायचा की अख्खा थवा उठून शेजाऱ्याच्या रानात उतरायचा आणि शेजारी आमच्या नावानं बोंब मारायचा. अशा या बाईनं दुपारच्या वेळी टीव्हीसमोर बसून एका पाखराला वर्षानुवर्षं जीव लावला, असं सांगितलं तर कुणाला खरं वाटणार नाही. न वाटू दे. मी त्या पाखराच्या साक्षीनं लहानाची मोठी झाले आहे. वहिनी जाऊन आता वर्ष होईल, आणि मला त्या गोफण घेतलेल्या कमी आणि हातात रिमोट घेतलेल्या जास्त आठवतात.

वहिनी म्हणजे माझ्या दादाची बायको. मी चालायला लागते न लागते तोच आई गेली. दादा माझ्याहून खूप मोठा, त्याचं नुकतंच लग्न झालेलं, आणि नव्या नवरीच्या ओटीत पहिल्याच वर्षी मी येऊन पडले. त्यांचं माहेर आळंदकडचं, कानडी मुलखातलं. मराठी बोलता बोलता मध्येच ‘साकु’ म्हणायच्या, म्हणजे पुरे. आणि मला शाळेला पिटाळताना ‘होगु, होगु’, म्हणजे जा आता. त्यांना स्वतःचं मूल झालं नाही. त्यावरून गावानं जे बोलायचं ते बोलून घेतलं. एकदा एका बाईनं तोंडावरच विचारलं, तेव्हा वहिनी म्हणाल्या, ‘‘हाय की एक. आजून कुटं ठिवू?’’ आणि माझ्या डोक्यात टपली मारली.

मी प्राथमिक शाळेत असताना दादा कुणाच्या तरी लग्नाला हैदराबादला गेला आणि येताना टीव्हीला जोडायचा गेम घेऊन आला. कॅसेटवर हजारो गेम असल्याचं छापलेलं. प्रत्यक्षात पाच-सहा, तेच तेच फिरून येणारे. त्यातल्या रणगाड्यांच्या गेमचं मला वेड लागलं. पडद्याच्या तळाशी विटांच्या कुंपणात एक पाखरू बसलेलं असायचं. वरून शत्रूच्या गाड्या यायच्या, विटा फोडायच्या, आणि पाखराला एक गोळी लागली की खेळ खलास. तो खरं तर गरुड होता, पण वहिनींनी त्याला कधी गरुड म्हटलं नाही. दोघांनी मिळून खेळायचं, एकाची गाडी पिवळी, दुसऱ्याची हिरवी. मला जोडीदार पाहिजे होता आणि दादाला वेळ नव्हता, म्हणून मी वहिनींना डाळ निवडतानाच ओढून आणलं.

‘‘काय करायचं हितं?’’ त्यांनी विचारलं. मी सगळं समजावून सांगितलं. त्यांनी फक्त एवढंच ऐकलं की पाखराला काही होता कामा नये. लगेच हिरवी गाडी पाखराच्या कुंपणाजवळ नेऊन उभी केली आणि पदर खोचला. मी म्हटलं, ‘‘वहिनी, वर चला की, तिकडं लई गाड्या आहेत.’’ तर म्हणाल्या, ‘‘तू हिंड. म्या हितं हाय.’’ झालं. त्यानंतर इतकी वर्षं आम्ही खेळलो, पण हिरवी गाडी पडद्याच्या अर्ध्यावरसुद्धा कधी गेली नाही. मी पिवळी गाडी घेऊन वर धुमाकूळ घालायची, कुठंतरी अडकायची, मरायची, परत यायची. आणि खाली बघावं तर हिरवी गाडी जिथल्या तिथं. जन्मभर पाखरं हाकलणारी बाई पाखराची राखण करतेय म्हणून दादा हसून लोळायचा. वहिनी म्हणायच्या, ‘‘हसा. तुमचं घर बी असंच राखलंय.’’

त्या खेळात एक वाईट गोष्ट होती. आपलीच गोळी लागली तरी पाखरू मरायचं. एकदा एक शत्रू कुंपणाशी आला आणि मी वरून जोशात खाली गोळ्या सोडल्या. शत्रू सरकला, विटा फुटल्या, पाखरू गेलं. वहिनी रागावल्या नाहीत, पण त्यांनी रिमोट खाली ठेवला. ‘‘भायेरच्यानं न्हाय मारलं बग. आपनच मारलं.’’ मग नियम झाला, की पाखराकडं तोंड करून बटण दाबायचं नाही. हा नियम त्यांनी घरातही आणला. दादा आणि मी, दोघंही एक नंबरचे तापट. जेवताना आमची जुंपली की वहिनी भाकरी थापता थापता आधी मला, मग दादाला ओरडायच्या, ‘‘सवे, गोळी खाली चाललीय! आवो, तुमची बी!’’ पहिल्यांदा दादाला काही कळलं नाही. कळल्यावर त्याला हसू आवरेना, आणि भांडण तिथंच राहिलं. आजही शाळेच्या स्टाफरूममध्ये माझी जीभ सुटायला लागली की मला ते वाक्य ऐकू येतं. दर वेळी मी थांबते असं नाही.

बारावीनंतर मी लातूरला शिकायला गेले. पोरीला हॉस्टेलला ठेवायचं म्हटल्यावर भावकीत कुरकुर सुरू झाली. दादाही डळमळला. वहिनींनी माझी पेटी भरली, वर कडक भाकरीची चवड आणि शेंगदाण्याच्या चटणीचा डबा ठेवला आणि सगळ्यांदेखत म्हणाल्या, ‘‘जाती ती. हितं म्या हाय की.’’ एसटीत बसवताना ‘होगु’ म्हणाल्या आणि तोंड फिरवलं. हॉस्टेलच्या फोनवर रांग असायची, पाठीमागच्या पोरींचे कान टवकारलेले. म्हणून मी एकच विचारायची, ‘‘पाखरू हाय का?’’ म्हणजे घरी सगळं ठीक आहे ना. पलीकडून ठरलेलं उत्तर यायचं, ‘‘हाय, हाय. तू हिंड.’’ मी निश्चिंत होऊन अभ्यासाला बसायची.

शेवटच्या वर्षाच्या परीक्षेत असाच फोन केला, असंच उत्तर आलं. पेपर संपवून घरी आले तर दादा खाटेवर, पाय प्लास्टरमध्ये. ट्रॅक्टरवरून पडला होता, सोलापूरला ऑपरेशन झालं होतं, वहिनींनी एकट्यांनी दवाखाना, शेत आणि गोठा सांभाळला होता. मी भडकलेच. ‘‘मला म्हणालात ना, पाखरू हाय म्हणून?’’ वहिनी शांतपणे म्हणाल्या, ‘‘मग? मेलं का? हाय की.’’ दादाकडं बोट दाखवलं आणि चहा टाकायला गेल्या. त्या एका ‘हाय’वर माझी पदवी, माझी नोकरी, माझा आजचा पगार उभा आहे. हे मी त्यांना तोंडावर कधी सांगितलं नाही, कारण सांगायला गेलं की त्या ‘साकु’ म्हणायच्या.

दादा गेल्यावर मुरुमच्या घरात वहिनी आणि एक म्हैस राहिली. शेत बटईनं दिलं होतं. मला लातूरलाच शाळेत नोकरी लागली होती, तिकडं चला म्हणून मी किती विनवलं. एक दिवसाच्या वर कधी राहिल्या नाहीत. गल्लीतल्या बाया दरवर्षी यात्रेच्या गाडीनं रामेश्वर-कन्याकुमारीला जायच्या आणि आल्या की समुद्राचं वर्णन करायच्या. वहिनी ते इतकं मन लावून ऐकायच्या की आलेल्या बायांना पाणी द्यायचं विसरायच्या. समुद्र त्यांनी पाहिला नव्हता. तुळजापूर, येडशीचं रामलिंग, माहेर आणि फार तर सोलापूर-लातूर, एवढंच त्यांचं जग. एकदा मला म्हणाल्या, ‘‘सवे, समुद्राला पल्याड नसतं म्हनं. खरं हाय का गं?’’ मी म्हटलं, ‘‘बघून या की.’’ लगेच ठरलेलं उत्तर, ‘‘आन् हितं कोन?’’ मी म्हैस सांभाळते म्हटलं, घराला कुलूप लावू म्हटलं, वाद घातला, रागावले, अबोला धरला. वहिनी ढिम्म. गुडघे कुरकुरायला लागले होते. आणखी दोन-चार वर्षांनी गाडीच्या पायऱ्याही चढवणार नाहीत, हे मला दिसत होतं आणि त्यांनाही.

त्याच दिवाळीत मी एक हातात मावणारा गेम मागवला. जुन्या मशीनची नक्कल करणारा इम्युलेटर त्यात असतो आणि जुने गेम त्याच्यावर चालतात, असं वाचलं होतं. आमची कॅसेट पेटीत जपलेली होती, पण तिचं यंत्र कधीच मेलं होतं. म्हटलं, वहिनींचा वेळ तरी जाईल. पण त्या एवढ्याशा डबीनं मला रडकुंडीला आणलं! कार्डावर गेमची फाइल टाकली तर यादी रिकामी. का, तर फाइल भलत्याच फोल्डरमध्ये पडलेली. ती योग्य जागी नेली तर चित्र आलं, आवाज नाही. आवाज आला तर गोळी सुटेना, कारण बटण दुसरीकडंच. वहिनी उंबऱ्यात शेंगा फोडत माझी तडफड बघत होत्या. ‘‘राहू दे की गं. त्याचा जीव गेलाय, तू कशाला आपला घालवतीस?’’

शेवटी जमलं. वहिनींचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालेलं, एवढासा पडदा त्यांना काय दिसणार. म्हणून वायरनं टीव्हीला जोडलं आणि दुसऱ्या खेळाडूसाठी आणलेला वेगळा रिमोट त्यांच्या हातात दिला. ती ओळखीची धून वाजली. वहिनींच्या फोडायच्या शेंगा तशाच राहिल्या. पण गाड्या उभ्या राहिल्या मात्र, आणि त्यांनी रिमोट खाली ठेवला. ‘‘ही पिवळी हाय. ही तुजी. माजी हिरवी.’’ यंत्रानं त्यांनाच पहिला खेळाडू समजलं होतं. अदलाबदल केली असती, पण डबीची बटणं बारीक, त्यांच्या अंगठ्याला सापडेनात. पुन्हा सेटिंगमध्ये शिरले, खेळाडू उलटे केले, तेव्हा कुठं बाई खेळायला तयार झाल्या. मी कौतुकानं सांगितलं, ‘‘आता एक सोय आहे वहिनी. पाखरू मेलं तर हे बटण दाबायचं, खेळ मागं जातो, पाखरू जिवंत.’’ वहिनींनी माझ्याकडं असं बघितलं की जणू मी दुधात पाणी घालायला सांगितलं. ‘‘परत येनारं आसलं तर राखन कशाची करायची?’’ ती सोय मी तिथल्या तिथं बंद करून टाकली.

दुपारभर खेळलो. हिरवी गाडी कुंपणाशी, पिवळी वर. हात विसरले नव्हते. आणि मग, मी काही ठरवलं नव्हतं, पण नवा नकाशा सुरू झाला आणि मी माझी गाडी खाली आणून पाखराच्या दुसऱ्या बाजूला उभी केली.

‘‘आगं, हिंड की.’’

‘‘आज तुम्ही हिंडा,’’ मी म्हटलं. ‘‘मी हितं हाय.’’

‘‘काय तरीच. मला न्हाय येत वर.’’

‘‘वहिनी, मी हलत नाही इथून. जा तुम्ही. होगु!’’

त्या हसल्या. हिरवी गाडी थोडी पुढं गेली, थांबली, मागं वळून कुंपणाशी आली. पुन्हा गेली. विटांच्या आडोशानं अर्ध्यावर पोचली, तिथून वर, आणि पडद्याच्या अगदी माथ्याशी जाऊन भिडली. तिथं कोपऱ्यात चांदणी चमकली आणि तिच्यातून शत्रूची गाडी निघाली. वहिनी केवढ्यानं ओरडल्या! ‘‘आय्यो, हितनं येतेत व्हय ही मेली! सवे, हितनं येतेत गं!’’ इतकी वर्षं ज्यांच्याशी लढल्या ते कुठून येतात हे त्यांनी पहिल्यांदा जवळून पाहिलं. मग मेल्या, परत उठल्या, परत वर गेल्या. दर वेळी जाताना विचारायच्या, ‘‘हाय ना तू?’’ पाखराला धक्का लागला नाही. मीही काही कमी नव्हते, त्यांच्याच हाताखाली तयार झालेली.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी चहा घेत होते. वहिनी चरवी घेऊन गोठ्याकडं निघाल्या, दारात थांबल्या आणि माझ्याकडं न बघता म्हणाल्या, ‘‘तुला धार काडाया येती का गं?’’

 मी चप्पलसुद्धा न घालता त्यांच्यामागं गोठ्यात पळाले.

तुरी निघाल्यावर यात्रेची गाडी सुटणार होती. तोवर दर रविवारी मी लातूरहून येऊन धार काढायला शिकले. शिकले म्हणजे वहिनी शेजारी उभ्या असल्या की म्हैस दूध द्यायची. निघायच्या दिवशी त्यांनी आपलं रोजचं जुनं पातळ माझ्या हातात दिलं. ‘‘हे नेसून बस तिच्याजवळ. वासानं वळखती ती.’’ गाडीच्या खिडकीतून हजार सूचना दिल्या. पेंड किती, पाणी कधी, मागच्या दाराची कडी कशी. गाडी हलली तरी चालूच. शेवटी मीच ओरडले, ‘‘वहिनी, साकु!’’ सगळ्या गाडीतल्या बाया हसल्या, आणि वहिनींनी पदरानं डोळे पुसले.

म्हशीनं माझी अब्रू काढली. पहिल्या दिवशी पान्हा सोडला नाही, दुसऱ्या दिवशी चरवी उडवली. मग एका सकाळी दावं तोडून पसार झाली आणि तिला शोधता शोधता मी बेन्नीतुरा नदीच्या काठापर्यंत जाऊन आले. परत आणली तर तिनं लाथ घातली ती थेट मनगटावर. त्या संध्याकाळी वहिनींचं पातळ नेसून, एक हात फडक्यानं बांधून, सांडलेल्या दुधात मी उभी होते, आणि फोन वाजला. पलीकडं वारा इतका होता की शब्द ऐकू येईनात. फक्त एक मोठा घुमणारा आवाज, येतोय आणि जातोय.

‘‘सवे,’’ वहिनी ओरडत होत्या, ‘‘समुद्र हाय ह्यो! खरंच पल्याड न्हाय गं ह्याला!’’ मग जरा थांबल्या, आणि हळूच विचारलं, ‘‘पाखरू हाय का?’’

मी म्हशीकडं बघितलं, मनगटाकडं बघितलं.

‘‘हाय, हाय,’’ मी म्हटलं. ‘‘तुम्ही हिंडा.’’