बिदामीच्या नावावरची जागा

नागौरकडच्या आमच्या तहसील कचेरीबाहेर, पत्र्याच्या शेडखाली बसून मी तीस वर्षं हक्कसोडपत्रं लिहितोय. बाप मेला की भाऊ बहिणींना जीपमध्ये कोंबून आणतात, त्यांचे अंगठे उठवतात आणि एकेक ओढणी हातावर टेकवतात. माहेर शाबूत राहिलं म्हणून मग सगळे गोड खातात. ह्या जमातीचा मला तिटकारा आहे. माझ्या बहिणीचं हक्कसोडपत्र मीच लिहिलं, तेव्हा त्या जमातीत मीही आलो.

बिदामीने मात्र अंगठा नव्हे, सही केली होती. दहावी पास बाई. नवरा खाणीतल्या धुळीने गेला, पदरात एक मुलगी, सासर दोन कोसांवर. बापाच्या बावीस बिघे जमिनीतला आपला हिस्सा तिने थोरल्या भावाला, रुघारामला सोडली आणि अंगणवाडीत खिचडी शिजवत राहिली.

मग रुघारामच्या गावासाठी गॅस एजन्सीची जाहिरात आली. महिलांसाठी राखीव, दहावीची अट, आणि गोदामाची जागा अर्जाच्या शेवटच्या तारखेआधी नावावर हवी. रुघारामच्या बायकोने शाळेचं तोंड पाहिलेलं नाही. भावाच्या नावची जागा बहिणीला चालते का, हे विचारायचे कष्टही त्याने घेतले नाहीत. रस्त्याकडेचा तुकडा सरळ बिदामीला बक्षीसपत्राने दिला. बहीण काही ठेवून घेते, असं त्याच्या घराण्यात कधी घडलंच नव्हतं.

सोडतीत बिदामीचं नाव निघालं. दुसऱ्याच दिवशी तो तिला घेऊन माझ्यापुढे हजर.

"लिहा मुन्शीजी, एजन्सीचा सगळा कारभार माझ्याकडे. आणि काम उभं राहिलं की जागा परत माझी."

"आधी वाचून दाखवा," बिदामी म्हणाली.

"तुला काय कळतंय त्यातलं?"

"दहावी पास लागते म्हणूनच आणलंस ना, बीरा?" भावाला आमच्याकडे बीरा म्हणतात. "मग कळू दे की!"

मी लिहिलं, वाचलं. तिने पेन खाली ठेवलं.

"नाही करत सही. एकदा केली, त्यात पोट नाही भरलं तुझं?"

"डोकं फिरलंय का बाई? उद्या पोरीच्या लग्नात मायरा घेऊन कोण येणार? तो गॅसवाला साहेब?"

"नको येऊस."

"मग आजपासून मी तुझा कोणी नाही! साहेब जागा बघायला येऊ दे, वाद आहे म्हणून सांगतो. बघू कशी मिळते एजन्सी!"

तो गेल्यावर ती माझ्या बाकावर बसून ढसाढसा रडली. मामाने आहेराची ताटं आणली नाहीत, तर आमच्याकडे आईला लग्नात मान वर करता येत नाही. मला त्या माणसाच्या कानाखाली वाजवावीशी वाटली. वाजवली नाही.

तपासणीला साहेब टेप घेऊन आले. एकवीस मीटर बाय सव्वीस, बरोबर भरली. रुघाराम नवा साफा बांधून, दहा माणसं घेऊन उभा होता. मीही बक्षीसपत्राची नक्कल घेऊन गेलो होतो, आयुष्यात पहिल्यांदा फुकट.

"माझी हरकत आहे साहेब. जागा आमच्या घराण्याची."

साहेबांनी नक्कल पाहिली. "ही सही तुमचीच ना?"

"सही माझीच. पण ही भावाबहिणीतली गोष्ट आहे."

साहेब बिदामीकडे वळले. "बाई, घरातलाच वाद असेल तर मला तसं लिहावं लागेल. हे तुमचे भाऊ ना?"

माहेरच्या गावात आमच्या बायका तोंड झाकत नाहीत. बिदामीने तिथे उभ्या उभ्या ओढणी हनुवटीपर्यंत ओढली, सासरी परक्या पुरुषापुढे ओढतात तशी.

"नाही साहेब," ती आतून म्हणाली. "शेजारी आहेत. ह्यांचं शेत लागून आहे."