कुवेतवालीची पिशवी

आमच्या कुवेतवालीइतकं पळायच्या तयारीत राहणारं माणूस उभ्या रत्नागिरीत दुसरं सापडायचं नाय. आणि इथं आल्यापासून ती एकदाच पळालेली मला माहीत आहे, तीही माझ्या घोवाच्या होडीतून, आणि होडी तेव्हा जमिनीवर होती.

तिला नाव आहे, चांगलं आहे, पण आमच्या गल्लीत ते कोणी घेत नाय. कुवेतात ती राहिली पहिली नऊ वर्षं, कॅनडात जाऊन तिला तीस वर्षं होत आली, तरी ती कुवेतवालीच. तिकडे ती पुस्तकं लिहिते, इंग्लिशमधून. मागच्या बाजूला तिचा फोटो असतो, पासपोर्टावर असतो तसला, हसू नाय काय नाय. मी विचारलं, "हसायला काय जातं गो तुझं?" तर बोलते, "काकी, लढाईवर लिहिणाऱ्या बाईनं हसायचं नसतं, छापणारे रागावतात." मी दुसरीपर्यंत शिकले, मला त्यातलं काय कळणार. पण तिनं माझ्यावर लिहिलंय, मग मी तिच्यावर सांगितलं तर काय बिघडलं. मी सांगते, सून लिहून घेते.

आमचं घर आणि तिच्या आजोबांचं घर, मधे नुसता चिऱ्याचा गडगा. ईदेला शीरखुर्म्याचं भांडं गडग्यावरून इकडे, गणपतीत करंज्यांचा डबा तिकडे. रिकामं भांडं परत द्यायचं नसतं, म्हणून आम्ही दोन्ही घरं थांबून राहायचो, आणि त्यात कुठलं भांडं कोणाचं ते आता देवालाही सांगता यायचं नाय. तिचा बाप कुवेतला एका शेठची गाडी चालवायचा. बायकापोरं तिथंच. एक दिवस सकाळी उठले तर रस्त्यात रणगाडे. महिनाभर दारं लावून काढला, मग मिळेल त्या ट्रकात बसून वाळवंटातून निघाले. सरहद्दीवर तंबूत ठेवलं. तिथं गाडीवरून पाव फेकायचे, ज्याच्या हाताला लागेल त्याचा. बाप पाण्याच्या रांगेत, आई तापानं पडलेली, धाकटा भाऊ पाच वर्षांचा. पाव झेलायचं काम हिच्याकडे. मग विमानानं मुंबई आणि तिथनं एसटीनं इथं. घरातून निघताना आईनं सांगितलेलं, ज्यानं त्यानं आपल्याला उचलेल तेवढंच घ्यायचं. हिनं शाळेची पिशवी घेतली. निळ्या जाड कापडाची, दोन पट्ट्यांची. तीच ही पिशवी.

मी तिला पहिल्यांदा बघितलं ते गडग्यावरून. ओटीवर बसलेली, पिशवी मांडीवर, चपला पायात. आजी बोलली, "चपला काढ गो बाय, घर आलं." नाय काढल्या. झोपली तीही चपला घालून. आजी रोज सकाळी गोधडी झटकायची आणि बोलायची, "ही पोर झोपेत बाजारात जाऊन येते की काय." पाव दिसला की अर्धा खायची, अर्धा उशीखाली. मग त्याला मुंग्या, मुंग्या तिला चावायच्या, ती मुंग्यांनाच शिव्या द्यायची, त्याही अरबीतून. घरात पाण्याचं एक भांडं रिकामं ठेवायची नाय. हंडा, कळशी, तांब्या, चहाचे कप, आजोबांची पिकदाणीसुद्धा धुऊन तिनं एकदा भरून ठेवली, आणि आजोबा ते पाणी प्यायले. शाळेत दाराजवळच्या बाकावर बसायची. बाईंनी पुढं बसवलं की दुसऱ्या दिवशी परत दाराशी. शेवटी बाईंनीच फळा दाराजवळ हलवला.

आता जे घडलं ते मे महिन्यातलं. आमच्या बंदराला मे महिना म्हणजे आगोट. पुढं अडीच-तीन महिने समुद्र बंद, तेव्हा घरात भरून ठेवायचं. मी बोंबील, सुकट, सोडे खळ्यात वाळत घातलेले. तिच्या आजीनं तांदूळ, कुळीथ, सोलं डब्यांत भरून डब्यांची तोंडं फडक्यानं बांधली. माळ्यावर लाकडं चढली. पुरुषांनी बोटी वर ओढल्या आणि नारळाचे झाप विणून त्यांवर घातले. खिडक्यांनाही झाप बांधले. घराघरांतून एकच बोलणं चाललेलं, मीठ आलं काय, रॉकेल भरलं काय, तेवढं पुरेल काय.

ती पोर हे सगळं आठ दिवस बघत होती. कोणाला काय विचारलं नाय. एका सकाळी ती नाय, भाऊ नाय, पिशवी नाय. आईचं रडणं आमच्या चुलीपर्यंत ऐकू आलं. लोक विहिरीत बघून आले, स्टँडवर बघून आले, एक जण सायकल घेऊन लांज्याच्या रस्त्याला लागला, कारण तिकडे तिची मावशी. मी कुठं गेले नाय, मला बाजाराला उशीर होत होता. सुक्या मासळीची पाटी भरायला खळ्यात आले तर बोंबलांचा एक डबा कमी. मी बोलले, बोंबील चोरणारा माणूस बोंबलासकट लांज्याला कशाला जाईल. सरळ पुळणीवर गेले. आमच्या होडीवरचा झाप एका कोपऱ्याला वर आलेला. उचलून बघते तर आत दोघं. भाऊ झोपलेला, ही जागी, मांडीवर पिशवी, शेजारी माझा डबा, पाण्याच्या चार बाटल्या.

"इथं काय करतेस?"

"लढाई येतेय ना," ती बोलली. "सगळे भरून ठेवतायत. खिडक्या झाकल्या. बोटी लपवल्या. तुम्ही आम्हाला सांगितलं नाय."

रडत नव्हती. आपल्याला सांगितलं नाय, एवढाच राग होता तिला. मी तिच्या शेजारी होडीत बसले. घाई होती तरी बसले. बोलले, "लढाई नाय गो, आगोट आहे. दर वर्षी असते. आता पाऊस लागेल, समुद्र खवळेल, मग बोटी झाकून ठेवायच्या. नारळीपौर्णिमेला समुद्राला नारळ द्यायचा आणि ह्याच बोटी परत पाण्यात जायच्या."

"ह्याच?"

"ह्याच."

"नक्की?"

"मी काय लढाईवाली आहे खोटं बोलायला?"

तेव्हा ती उतरली. डबा परत दिला. त्यातले दोन बोंबील कमी होते, त्यांचं नाव मी काढलं नाय.

पुढं अडीच महिने ती रोज शाळेतून येताना पुळणीवर जाऊन झाप तपासून यायची. आमचा घो बोलायचा, "हिला बंदरावर साहेब म्हणून ठेवा." नारळीपौर्णिमेला सगळ्यांच्या आधी ही हजर. बोटी उतरल्या. आमची उतरली तेव्हा ती धावत माझ्याकडे आली, बोलली, "काकी, गेल्या." त्या दिवशी चपला ओटीखाली काढून ठेवल्यान. पिशवी मात्र नाय सोडली. मी बोलले, पाय सुटले तेवढे पुरे.

तिच्या पंधराव्या वर्षी ते सगळे कॅनडात गेले. बापाला तिकडे मामानं काम बघून दिलं. जाताना पिशवी पाठीवर. त्यानंतर आमचेही दिवस फिरले. होडी एका वर्षी फुटली, दोन वर्षांनी घो गेला. मी डोक्यावर पाटी घेऊन मिरजोळ्यापर्यंत चालत गेले, पोरं मोठी केली. ते काय सांगायचं, सगळ्याच करतात. पण दर नारळीपौर्णिमेला संध्याकाळी फोन यायचा. आधी कोपऱ्यावरच्या दुकानात, मग शेजारी, मग माझ्याच घरात. "काकी, गेल्या काय?" एवढंच. मी सांगायचे, "गेल्या." आमची होडी नव्हती त्या वर्षीही मी "गेल्या" बोलले. दुसऱ्यांच्या गेल्याच होत्या ना.

मोठी झाली, लिहायला लागली, तशी दर मे महिन्यात यायला लागली. लोक आंब्याला येतात, ही आगोटीला. माझ्याबरोबर खळ्यात बसून सोडे निवडायची. निवडताना इतके प्रश्न, की एका सोड्याला एक प्रश्न. "काकी, ह्याला उन्हातून कधी काढायचं ते कसं कळतं? वासानं की आवाजानं?" मी बोलायचे, "हातानं. तोंड बंद ठेवलं की कळतं." बाजारात एका कोळणीला तिनं मोरी माशाच्या तुकड्यावरून इतकं विचारलं, की ती बोलली, "बाई, आता तूच बस पाटीवर, मी घरी जाते." लिहायची तीही जमिनीवर बसून, वही गुडघ्यावर, पिशवी कुशीला. कॅनडात मोठं टेबल आहे म्हणे, त्याच्यावर कुंड्या ठेवते. पहिल्यांदा लिहिलं ते तंबूत, गुडघ्यावर, आता टेबलावर हात चालत नाय. तिचा भाऊ तिकडे दातांचा डॉक्टर झाला. त्याला काय काय आठवतं विचारलं तर बोलतो, बोंबलाचा वास.

पिशवीच्या पट्ट्या स्टँडजवळच्या चांभाराकडून शिवून शिवून आता कापड कमी आणि दोरा जास्त. आत एक बॅटरी, पाण्याची बाटली, बिस्किटं, सगळ्या कागदांच्या नकला, आणि प्लास्टिकमध्ये गुंडाळलेले दोन बोंबील, दर वर्षी माझ्या आगोटीतले नवे. एकदा कॅनडाच्या विमानतळावर पोलिसांचा कुत्रा येऊन त्या पिशवीपाशी जो बसला तो उठेचना. साहेबानं विचारलं हे काय. ही बोलली, "माझी कागदपत्रं." दोन तास बसवून ठेवलं आणि बोंबील जप्त केले. मला फोन करून बोलते, "काकी, कुत्र्याला तरी दिले असतील ना?" मी तिला समजावलं, कुत्र्यानं मागितले होते, म्हणजे दिलेच असणार.

माझ्यावरचं प्रकरण तिनं मला वाचून दाखवलं. इंग्लिश बघत बघत मराठीत सांगत होती. त्यात मी होडीत बसून सांगते की, मुली, हा समुद्र जे नेतो ते परत आणून देतो. मी तिला थांबवलं. "हे मी बोललेच नाय. माझा घो समुद्रावरून येऊन खोकून मेला, माझा दीर समुद्रातून आलाच नाय. मी असलं कशाला बोलेन?"

"काकी, पुस्तकात वायच असं लागतं."

"मग तिथं दुसरी बाई घाल. मी बोलले, आगोट आहे, ह्याच बोटी जायच्या. तेवढंच लिही."

तिनं पेन काढलं आणि छापलेल्या पुस्तकातली ती ओळ खोडून बाजूला माझी लिहिली. लोकांकडे ते पुस्तक खोट्या ओळीसकट आहे. खरं पुस्तक माझ्या कपाटात आहे, साड्यांखाली.

गेल्या मे महिन्यात ती आली ती गप्प गप्प. आजोबांचं घर मुंबईच्या चाचानं विकलं. आई तिकडेच वारली, बाप त्याआधी, आता विचारायचं कोणाला. घेणारा घर पाडून वर चार मजले चढवणार. ती चार दिवस घरातलं सामान काढत होती. काय घेतलंस बोलले, तर एक पातेलं दाखवलं. ते आमचं होतं. मी बोलले, "असू दे, आमच्याकडे तुमचं आहे."

सोडे निवडताना एकदम बोलली, "काकी, पुढच्या वर्षी मी उतरू कुठे?"

"कुठे म्हणजे?"

"हॉटेल बघू काय एखादं?"

"हॉटेलात आगोट करतात काय?" मी बोलले. आपल्याकडे ये, असं माझ्या तोंडून निघालं नाय. आयुष्यात मी कोणाला धरून ठेवलं नाय, ज्यांना धरायचं होतं ते राहिले नाय, मग सवयच गेली. ती तिकडची मोठी बाई, मला वाटलं, म्हातारीच्या पडवीत कशाला राहील. पण ती सामान बांधत होती तोवर मी पडवी सारवून घेतली. सून बोलली, "आई, पाहुणे येणार आहेत काय?" मी बोलले, "उंदीर झालेत."

निघायच्या सकाळी ती रिक्षा थांबवून गडग्यावरून आत आली. गडगा आता पडणारच होता, पुढच्या दारानं येता आलं असतं, तरी ती चढूनच आली, पंचेचाळीस वर्षांची बाई. पडवीत बघितलं, सारवलेलं बघितलं. मी आत जाऊन बोंबील बांधून आणले, ते घेतले नाय. रिक्षा गेल्यावर मी सोड्यांचे डबे माळ्यावर चढवायला गेले, तर डब्यांच्या रांगेत निळी पिशवी. तोंड फडक्यानं बांधलेलं, आगोटीचं बांधतात तसं. गाठ जरा कच्ची होती. ती मी सोडून नीट बांधली.

सून बोलली, "विसरल्या वाटतं, फोन करा." मी बोलले, "ती काय विसरेल ती पिशवी."

पावसात मी दर आठवड्याला ती खाली काढली. ऊन पडलं तर उन्हात, नाय तर चुलीच्या उबेला. आत उघडून बघितलं नाय. काय आहे ते मला माहीत आहे.

काल नारळीपौर्णिमा. संध्याकाळी फोन आला.

"काकी, गेल्या काय?"

"गेल्या."

नेहमी तिथं ती फोन ठेवते. काल ठेवला नाय.

"आणि पिशवी?"

"आहे. सोड्यांच्या डब्याला लागून. वास लागेल हां तिला."

"लागू दे."

तिकडे कुठंतरी गाडी गेल्याचा आवाज आला. सून चहा घेऊन दारात उभी होती. मी बोलले, "मे महिन्यात ये. पडवी आहे."

"नक्की?" ती बोलली.

"मी काय लढाईवाली आहे," मी बोलले, आणि फोन ठेवला.